प्रतिनायक की प्रतिकृती? : 'इनर्शिया' या पात्राचा अभ्यास



आपल्या मंडळाच्या वाचनतासाला मी 'इम्पल्स' या कॉमिकवर बोलणार म्हटल्यावर दोघं-तिघं हसले होते. एकाने विचारलंही, "हे साहित्यात बसतं का?" प्रश्न रास्त होता. त्या दिवशी वेळ कमी पडला आणि खरं सांगायचं तर माझी तयारीही कमी पडली. म्हणून आता नीट लिहितोय. कॉमिक्स साहित्य आहे की नाही, हा वाद मी इथे घालणार नाही. कथा-कादंबरी वाचताना आपण पात्राबद्दल काही प्रश्न विचारतो. हा कोण? याला काय हवंय? हा असा का झाला? आणि लेखक त्याच्याशी न्यायाने वागले का? हेच प्रश्न कॉमिकमधल्या एका खलनायकाबद्दल विचारून बघू. उत्तरं सापडली तर वाद आपोआप मिटेल.

१. पात्रांची ओळख

आधी नायक. डीसी कॉमिक्सच्या 'द फ्लॅश' या मालिकेत १९९४ साली बार्ट ॲलन हा मुलगा अवतरला. त्याचे निर्माते मार्क वेड आणि चित्रकार माइक विरिंगो. विजेच्या वेगाने धावणारा फ्लॅश, म्हणजे बॅरी ॲलन, याचा हा नातू. जन्म तिसाव्या शतकातला. त्याच्या अंगातल्या वेगामुळे शरीर भराभर वाढत होतं. जन्मून दोनेक वर्षं झाली तर पोरगा बारा वर्षांचा दिसायला लागला. मनही शरीराच्या बरोबरीने वाढावं म्हणून त्याला आभासी जगात, म्हणजे व्हर्च्युअल रिॲलिटीत वाढवलं गेलं. शेवटी आजी आयरिस त्याला घेऊन विसाव्या शतकात आली. अलाबामा राज्यातल्या मँचेस्टर नावाच्या गावात मॅक्स मर्क्युरी या जुन्या, अनुभवी धावपटूच्या घरी त्याची सोय झाली. १९९५ पासून 'इम्पल्स' या नावाने बार्टची स्वतंत्र मालिका निघाली आणि २००२ मध्ये ८९ अंकांनंतर ती बंद झाली. मालिका बहुतेक गमतीची आहे. आभासी जगात वाढल्यामुळे बार्टला धोका म्हणजे काय हेच कळत नाही. त्याला सगळाच खेळ वाटतो.

आता खलनायक. १९९९ मध्ये लेखक टॉड डेझॅगो यांनी याच मालिकेत इनर्शिया आणला. दिसायला हुबेहूब बार्ट, पण केस सोनेरी आणि पोशाख हिरवा. कारण तो बार्टच्याच पेशींपासून तयार केलेला क्लोन आहे. तयार केला कोणी? तिसाव्या शतकातला राज्यकर्ता थॅडियस थॉन याने. त्याने या मुलाला नाव दिलं तेही स्वतःचंच, थॅडियस थॉन दुसरा. आपण त्याला थॅड म्हणू.

थॉन आणि ॲलन या घराण्यांचं पिढ्यान्‌पिढ्यांचं वैर. ॲलन कुळाचा सूड घेण्यासाठी थॅडला घडवलं गेलं. तोही आभासी जगातच वाढला. सोबतीला एक बोलका संगणक, त्याचं नाव क्रेडल. इंग्रजीत या उच्चाराचा अर्थ पाळणा. म्हणजे पाळणाही यंत्र आणि पाळणा हलवणारंही यंत्रच. बार्टला निदान हात धरून बाहेर नेणारी आजी होती. थॅडला तसं कोणी नव्हतं.

२. नावातला अर्थ

इम्पल्स आणि इनर्शिया हे दोन्ही शब्द भौतिकशास्त्रातले. मराठी माध्यमाच्या विज्ञानात आपण त्यांना आवेग आणि जडत्व म्हणतो. आवेग म्हणजे बलाचा तो जोर, ज्याने वस्तूची गती बदलते. रोजच्या बोलण्यात इम्पल्स म्हणजे मागचापुढचा विचार न करता उसळलेली ऊर्मी. बार्टला हे नाव दिलं बॅटमॅनने, आणि तेही कौतुकाने नव्हे, इशारा म्हणून.

जडत्व म्हणजे काय, हे न्यूटनच्या पहिल्या नियमात आहे. बाहेरून बल लागत नाही तोवर थांबलेली वस्तू थांबलेलीच राहते आणि चालणारी वस्तू त्याच दिशेने, त्याच वेगाने चालत राहते. पुष्कळांना जडत्व म्हणजे नुसता सुस्तपणा वाटतो. नियमाचा दुसरा अर्धा भाग विसरू नका. एका दिशेला ढकलून दिलेली वस्तू आपणहून वळत नाही, हेही जडत्वच. थॅड तसाच आहे. आजोबांच्या पिढीने त्याला सूडाच्या दिशेने ढकललं आणि तो त्या रेषेत धावतोय. मग वाचक म्हणून आपला प्रश्न असा, की त्याला वळवणारं बाहेरचं बल कधी लागतं का?

३. दोष रक्तात आहे का?

क्लोन म्हटलं की दुष्ट, असं आपण धरून चालतो. हे पात्र आलं तो काळ आठवा. स्कॉटलंडमध्ये डॉली मेंढीचा जन्म १९९६ मधला, आणि ती बातमी जगाला कळली १९९७ मध्ये. माणसाची नक्कल निघाली तर काय, ही भीती तेव्हा ताजी होती. पण जीवशास्त्र काय सांगतं? क्लोनमध्ये जनुकं सारखी असतात, आठवणी नाही, स्वभावाचा साचाही नाही. एकसारखी दिसणारी जुळी भावंडं एकमेकांचे निसर्गाने केलेले क्लोनच असतात, आणि त्यांच्यातला एक साधू आणि एक चोर असा काही नियम नाही.

कथेतलाच पुरावा घ्या. बार्टचे वडील ॲलन, पण त्याची आई मेलनी थॉन घराण्यातली. म्हणजे ज्या रक्ताला दोष द्यायचा ते नायकाच्याही अंगात आहेच. मग थॅड रक्तामुळे दुष्ट झाला, हा युक्तिवाद लंगडा पडतो.

दुसरा पुरावा बार्टच्या मित्राचा. १९९८ मध्ये सुरू झालेल्या 'यंग जस्टिस' या मालिकेत बार्टच्या खांद्याला खांदा लावून लढणारा सुपरबॉय हा प्रयोगशाळेत तयार केलेला क्लोनच आहे. त्याला ना आई, ना बाळपण. सुरुवातीला नावसुद्धा नव्हतं. पुढे सुपरमॅनने त्याला आपल्या कुळातलं कॉन-एल हे नाव दिलं. हा क्लोन नायक झाला आणि तो क्लोन खलनायक. फरक कुठे पडला? सुपरबॉयला कोणीतरी 'तू आमचा' म्हणून नाव दिलं. थॅडला जे नाव मिळालं ते एका सूडाची पुढची आवृत्ती होती, म्हणून तर त्याला 'दुसरा' हा आकडा चिकटलेला आहे.

४. 'मर्क्युरी फॉलिंग' : दुसऱ्याच्या घरात

थॅडची सगळ्यात महत्त्वाची कथा म्हणजे २००० साली आलेली 'मर्क्युरी फॉलिंग', 'इम्पल्स'चे अंक ६२ ते ६६. माझ्या मते हे पाच अंक नसते तर थॅडवर अभ्यासलेख लिहिण्यासारखं काही उरलं नसतं.

थॅड बार्टला आभासी जगात अडकवतो आणि स्वतः बार्ट बनून मॅक्सच्या घरी राहायला जातो. केस, कपडे, बोलणं, सगळं बदलून. बेत असा की घरात शिरायचं आणि आतून घाव घालायचा. त्याच सुमारास मॅक्सची प्रकृती ढासळत चालली आहे. घरात मॅक्सची मुलगी हेलन आहे, शाळेतले मित्र आहेत. ही सगळी माणसं त्याला बार्ट समजून वागतात. जेवायला बोलावतात, रागावतात, काळजी करतात. आणि इथे थॅडची गडबड होते. कारण आयुष्यात पहिल्यांदाच कोणीतरी त्याच्याशी मायेने बोलतंय. फक्त ती माया त्याच्या नावावर नाही.

दुसऱ्याच्या जागी घरात उभं राहिलेलं पात्र ही फार जुनी कल्पना आहे. बायबलच्या उत्पत्तीच्या पुस्तकात याकोब मोठ्या भावाचे, एसावाचे कपडे घालतो, हातांना करडाचं कातडं बांधतो आणि आंधळ्या बापाकडून भावाचा आशीर्वाद घेतो. पुराणात सूर्याचं तेज न सोसून संज्ञा निघून जाते आणि आपल्या जागी छायेला ठेवते. छाया संज्ञेसारखीच दिसते, तिचाच संसार करते. मग एके दिवशी भेद उघड होतो. दोन्ही ठिकाणी प्रश्न एकच आहे. समोरच्याने ज्याला जवळ घेतलं तो मी, की ज्याचे कपडे मी घातलेत तो?

थॅड पुढे काय करतो? त्याच्याने बेत पुरा होत नाही. ज्या घराचा नाश करायला आला त्याच घराने त्याला आतून हलवलेलं असतं. शेवटी खरा बार्ट परत येतो आणि थॅड सूड अर्धवट टाकून निघून जातो. भांडणात हरला म्हणून तो गेलेला नाही. आता इथे राहायचं कोण म्हणून, हा प्रश्न त्याच्यापुढे उभा राहिला म्हणून तो गेला. न्यूटनच्या भाषेत सांगायचं तर बाहेरचं बल लागलं होतं. पण वळल्यावर जायचं कुठे, हे त्याला कोणी सांगितलं नव्हतं.

५. २००७ आणि नंतर

पुढची गोष्ट वाचताना मला राग आला होता, तो लपवत नाही.

'इम्पल्स' बंद पडली, लेखक बदलले. २००७ मध्ये 'द फ्लॅश : द फास्टेस्ट मॅन अलाइव्ह' या मालिकेत थॅड पुन्हा दिसतो. आता बार्ट मोठा झालाय, स्वतः फ्लॅश झालाय. थॅड रोग्ज नावाच्या खलनायकांच्या टोळीला हाताशी धरतो, बार्टचा वेग काढून घेतला जातो आणि ती टोळी बार्टला ठार मारते. मँचेस्टरच्या त्या घरात जे घडलं होतं त्याचा जणू मागमूस नाही. लेखकांना खलनायक हवा होता, म्हणून थॅडला पुन्हा जुन्या रेषेवर नेऊन ठेवलं.

मग शिक्षा. 'ऑल फ्लॅश' या २००७ च्याच अंकात वॉली वेस्ट, म्हणजे बार्टच्या आधीचा फ्लॅश, थॅडला गाठतो. तो त्याला मारत नाही. त्याचा सगळा वेग काढून घेतो आणि त्याला जागच्या जागी गोठवतो. शरीर पुतळा, पण आतलं मन जागं. असा थॅड फ्लॅश म्युझियममध्ये ठेवला जातो, नजर कायमची बार्टच्या पुतळ्यावर. जडत्व हे नाव इथे अक्षरशः खरं होतं. मूळ आणि प्रत समोरासमोर, दोघेही अचल. चित्र म्हणून हा प्रसंग विसरता येत नाही. न्याय म्हणून मात्र मला तो पटत नाही. शिक्षा संपणारी नसेल तर ज्याला शिक्षा दिली त्याने बदलायचं कधी?

२००८ च्या 'रोग्ज रिव्हेंज' मध्ये त्याला झूम नावाचा खलनायक सोडवतो आणि आपला चेला करू बघतो, किड झूम. म्हणजे पुन्हा दुसऱ्याच्या नावाची धाकटी आवृत्ती! त्या कथेत थॅड एका अजाण बाळाचा जीव घेतो. हे मी मुद्दाम लिहितोय, कारण त्याच्याबद्दल कणव वाटली म्हणून त्याचे गुन्हे झाकता येणार नाहीत. त्या कथेच्या शेवटी रोग्ज त्यालाच मारतात. २००९ मध्ये 'लीजन ऑफ थ्री वर्ल्ड्स' या कथेत बार्ट मरणातून परत आला, पुन्हा किड फ्लॅश झाला. त्यात नवल नाही, कॉमिक्समध्ये नायक परत येतातच. थॅडसाठी मात्र त्या वेळी कोणी दार उघडलं नाही.

६. 'प्रति' या उपसर्गाबद्दल

संस्कृत नाट्यशास्त्रात नायकाच्या विरोधात उभा राहतो तो प्रतिनायक. आपण समीक्षेत हा शब्द सर्रास वापरतो. पण 'प्रति' हा उपसर्ग बघा कसा दुहेरी आहे. प्रतिस्पर्धी, प्रतिकार, प्रतिवाद, इथे 'प्रति' म्हणजे विरुद्ध. प्रतिबिंब, प्रतिकृती, प्रतिरूप, इथे 'प्रति' म्हणजे तसाच, हुबेहूब. एकच उपसर्ग विरोधही सांगतो आणि सारखेपणाही.

थॅड या दोन्ही अर्थांनी प्रतिनायक आहे. आणि माझं म्हणणं असं, की तो पहिल्या अर्थाने प्रतिनायक झाला कारण त्याला दुसऱ्या अर्थातून बाहेर पडायची वाट कोणी दिली नाही. प्रत म्हणूनच जगायचं असेल तर मूळ नाहीसं करणं हा एकच मार्ग उरतो, असं त्याला वाटत राहिलं. मेरी शेलीच्या १८१८ सालच्या 'फ्रँकेन्स्टाइन' मध्ये निर्माता आपण घडवलेल्या जिवाला नावही देत नाही आणि सोडून पळतो. थॅडच्या निर्मात्याने उलट केलं. त्याला नावही दिलं आणि कामही दिलं, पण दोन्ही स्वतःचंच. टाकून देणं जितकं वाईट, तितकंच हेही. या दोन गोष्टी शेजारी ठेवून वाचाव्यात असं मी सुचवेन.

७. हे मला का वाचावंसं वाटलं

अभ्यासलेखात स्वतःबद्दल लिहू नये म्हणतात. तरी एक परिच्छेद लिहितो, कारण तो नसता तर हा लेखही नसता.

माझ्या आधी आमच्या घरी एक मुलगा जन्मला होता. दीड वर्षाचा असताना तापाने गेला. दोन वर्षांनी मी झालो आणि बाप्तिस्म्याला त्याचंच नाव मला दिलं गेलं. आजीची तशी इच्छा होती. ती मला मांडीवर घेऊन म्हणायची, "परत आला माझा राजा." दर २ नोव्हेंबरला आम्ही सिमिट्रीत मेणबत्त्या लावायला जातो. मी अक्षरं जोडून वाचायला शिकलो त्या वर्षी तिथल्या एका लहान क्रुसावर माझंच नाव वाचलं. त्या रात्री मला झोप लागली नाही. नंतर कधी मी रडलो, घाबरलो, की आजी म्हणायची, "तो असा नव्हता हो." दीड वर्षाचं पोर कसं होतं आणि कसं नव्हतं, हे कोणाला ठाऊक? पण मी मात्र बरीच वर्षं त्याच्याशी स्पर्धा करत होतो. जो नाहीच त्याला हरवणार कसं?

आजीवर माझा राग नाही. थॉनने सूडापोटी केलं, तिने दुःखापोटी. हा फरक मोठा आहे, आणि तो कळायला मला थॅडची गोष्ट वाचावी लागली. आणखी एक गोष्ट तेव्हाच ध्यानात आली. मम्मीने मला त्या नावाने कधीच हाक मारलेली नाही. तिने माझं घरचं नाव वेगळं ठेवलंय, मी जन्मलो त्या दिवसापासून. का, म्हणून मी तिला कधी विचारलं नव्हतं. मागच्या सुट्टीत विचारलं. ती भाजी निवडत होती. म्हणाली, "तो तो होता. तू तू आहेस. मला दोन मुलगे झाले."

थॅडला असं म्हणणारं कोणी भेटलं असतं तर, हा प्रश्न मी त्या पाच अंकांच्या शेवटी लिहून ठेवलाय.

८. चर्चेसाठी प्रश्न

पुढच्या वाचनतासाला यांवर बोलू. तोवर विचार करून या.

अ) 'मर्क्युरी फॉलिंग' मध्ये बदललेलं पात्र पुढच्या लेखकाने पुन्हा पूर्वपदावर नेलं. अनेक लेखकांनी मिळून लिहिलेल्या कथेत पात्राशी प्रामाणिक राहण्याची जबाबदारी कोणाची?

आ) थॅड आणि सुपरबॉय, दोघेही क्लोन. दोघांच्या नामकरणाची तुलना करा. नाव देणं आणि नाव लादणं यांत तुम्ही फरक कसा कराल?

इ) वॉलीने दिलेली शिक्षा तुम्हाला न्याय वाटते की सूड? सूड असेल, तर थॉन कुळात आणि त्याच्यात काय फरक राहिला?

ई) तुम्ही वाचलेल्या मराठी कथा-कादंबऱ्यांतलं असं एखादं पात्र शोधा, ज्याला घरात दुसऱ्या कोणाची तरी जागा भरायला लावलं आहे. ते पात्र बंड करतं, निमूट राहतं, की निघून जातं?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर लिहून आणलंत तर बरं. आणि ज्यांना तुमच्या घरी कोणा दुसऱ्याचं नाव मिळालंय, आजोबांचं, आत्याचं, कोणाचंही, त्यांनी ते कसं वाटतं हेही सांगा. मी ऐकायला पहिल्या बाकावर बसेन.